आकडा जुळला, विटा गेल्या

१

सकाळी कोठार उघडलं तेव्हा कथलाच्या आठ विटा जागेवर नव्हत्या. जिथे त्या रचलेल्या असत तिथे आता स्वच्छ फरशी दिसत होती. त्या कोठारात इतकी स्वच्छ फरशी आजवर कुणी पाहिलेली नव्हती, त्यामुळे चोरी लगेच लक्षात आली.

ही ओतशाळा घंटांची. शाळांच्या, जहाजांच्या, कारखान्यांच्या घंटा इथे ओतल्या जात. तांब्यात कथील पडलं नाही तर घंटा वाजत नाही, नुसती खोकते. म्हणून कथलाला इथे तिजोरीतल्या दागिन्यासारखा मान होता. एकेक वीट पंचवीस किलोची. मालकांनी उरलेल्या विटा तीनदा मोजल्या. मोजता मोजता चोरी कमी होईल अशी त्यांना आशा असावी. ती झाली नाही, तेव्हा त्यांनी काटेवाल्याला बोलावणं धाडलं.

फाटकाजवळ जमिनीत गाड्यांचा वजनकाटा बसवलेला होता, त्याला लागून काचेची खोली, आणि खोलीत आपला काटेवाला. आत येणारी प्रत्येक गाडी आधी काट्यावर चढायची, जाताना पुन्हा चढायची. जातानाचा आकडा वाढलेला नसला की फाटकाचा दांडा वर. डिकी उघडायची पद्धत नव्हती. मालकांचे वडील सांगून गेले होते की सभ्य माणसाची डिकी उघडणं म्हणजे त्याचा खिसा चाचपणं. काटा कसा, कुणाचा अपमान न करता आपलं काम करतो. भट्टीवरचे मजूर पायी येत. त्यांचे खिसे मात्र चाचपले जात, कारण त्यांच्याकडे डिकी नव्हती.

"काल भट्टी दुरुस्तीला बंद," मालक म्हणाले. "ट्रक एकही नाही. मी गावाला. आल्या त्या तीन गाड्या. शिल्पकारांची, डॉक्टरीणबाईंची आणि आमच्या मेहुण्यांची. कुणाचा आकडा वाढला?"

"कुणाचाच नाही, साहेब. शिल्पकारांचा कमी झाला. त्यांनी साच्यासाठी प्लास्टरची पोती उतरवली. बाकी दोघांचा आला तेवढाच गेला."

"मग दोनशे किलो कथील काय चालत गेलं?"

खोलीत मेहुणेही होते. मेहुणे म्हणजे मालकीणबाईंचे धाकटे भाऊ. तीन धंदे बुडवून ते बहिणीच्या बंगल्यात आणि भावोजींच्या ओतशाळेत एकदमच दाखल झाले होते. तेव्हापासून सगळे त्यांना मेहुणेच म्हणत. ते त्यांचं नातं होतं, हुद्दाही होता आणि पात्रताही.

"भावोजी, काटा खोटं बोलत नाही," मेहुणे एक हात कमरेवर ठेवून म्हणाले. "माणसं बोलतात. आकडा वाढला असेल, आणि कुणीतरी पैसे खाऊन न वाढलेला सांगितला असेल. आकडा सांगणारा माणूस एकच."

मालकांनी काटेवाल्याकडे पाहिलं. त्या पाहण्यात राग कमी आणि वाईट वाटणं जास्त होतं, आणि तेच काटेवाल्याला जास्त लागलं.

"संध्याकाळी पोलिसांना बोलावणार आहे," मालक म्हणाले. "तोवर काही आठवलं तर सांगा. नाही आठवलं, तर क्वार्टर रिकामं करायची तयारी ठेवा."

क्वार्टर फाटकाच्या आतच, दोन खोल्यांचं. काटेवाला दारात पोचला. बायकोनं त्याच्या चेहऱ्याकडे एकदाच पाहिलं आणि म्हणाली, "कळलं सगळं. घाबरू नका. मी आईला फोन केलाय."

पोलिसांच्या नावानं काटेवाल्याला घाम फुटला नव्हता. तो आता फुटला.

२

सासूबाईंनी उभा जन्म एका विमा कंपनीत आपटलेल्या गाड्या तपासण्यात घालवला होता. चेपलेला पत्रा पाहून ड्रायव्हर काय खोटं बोलणार हे त्या आधीच सांगत. निवृत्त झाल्या तरी ती नजर निवृत्त झाली नव्हती. लग्नाच्या वेळी कुणीतरी विचारलं होतं, "जावई काय करतात?" त्यावर त्या म्हणाल्या होत्या, "गाड्या चढतात आणि उतरतात. हे बघतात." ते वाक्य काटेवाल्याला पाठ होतं.

दुपारी त्यांची छोटी गाडी फाटकात आली आणि नियमाप्रमाणे काट्यावर चढली.

"आकडा मोठ्यानं वाचलात तर याद राखा," खिडकीतून आवाज आला.

काटेवाल्यानं तो मनातच वाचला.

गाडीतून उतरल्या उतरल्या सासूबाईंनी सगळी हकीकत ऐकून घेतली आणि पहिल्यांदा काट्याचीच उलटतपासणी केली. उरलेल्या विटा हातगाड्यावरून आणून काट्यावर ठेवायला लावल्या. आकडा चोख आला. विटा उचलून ठेवल्या, तर काटा सभ्यपणे शून्यावर परतला.

"काटा खरा," त्या म्हणाल्या. "आता राहिलात तुम्ही."

"आई, शपथेवर सांगतो—"

"शपथ कशाला? तुम्ही खोटं बोलला नाहीत, हे मला ठाऊक आहे. मागच्या सुट्टीत शेवटचा लाडू कुणी खाल्ला हेसुद्धा तुम्हाला लपवता आलं नव्हतं." त्यांनी चष्मा पुसला. "तुम्ही खरे, काटाही खरा. तरी विटा गेल्या. म्हणजे काय?"

"म्हणजे... आपण दोघंच खरे?"

"म्हणजे तेवढंच वजन कुणीतरी आत आणलं आणि इथे सोडून गेलं! काटा किती ते सांगतो. काय, ते सांगत नाही. वजनाला नाव नसतं, जावईबापू. सकाळी दोनशे किलो दगड आणा, संध्याकाळी दोनशे किलो कथील न्या, तुमचा काटा सलाम ठोकणार!"

काटेवाल्याच्या अंगावर काटा आला. इतकी वर्षं तो ज्या आकड्यापुढे मान झुकवत होता, त्या आकड्याला एवढं मोठं भगदाड होतं, आणि त्यातून बैलगाडीही गेली असती!

"चला, शोधा!" सासूबाई म्हणाल्या. "इथे काल नव्हतं आणि आज आहे असं दोनशे किलो काहीतरी!"

आधी शिल्पकारांची पोती पाहिली. साच्यांच्या खोलीत ती शिस्तीत रचलेली होती, आणि गाडीचं वजन जितकं घटलं तितकंच पोत्यांचं भरत होतं. "हे सुटले," सासूबाई म्हणाल्या. "विटा नेल्या असत्या तर गाडी एवढी हलकी होऊन गेलीच नसती." मग अंगण पाहिलं, भंगाराचा ढीग पाहिला, वाळूच्या राशी पाहिल्या. दगड नाहीत, पोती नाहीत, लोखंड नाही. नवं असं काहीच नाही.

शेवटी कोठाराच्या मागच्या बाजूला वळताना सासूबाईंचा पाय फसला. चप्पल चिखलात रुतली ती निघेना.

"इथे नळ गळतो वाटतं?" एका पायावर तोल सावरत त्यांनी विचारलं.

"नाही हो, आई. इथे नळच नाही. आणि काल तर भट्टीच्या कामासाठी सगळ्या आवाराचं पाणी बंद होतं. चहासुद्धा झाला नाही कुणाचा."

सासूबाई तशाच एका पायावर थांबल्या. त्यांनी चिखलाकडे पाहिलं. चिखलाशेजारी गाडीच्या चाकांच्या खुणा होत्या. आणि मग सासूबाई हसल्या. लग्न झाल्यापासून जावयानं त्यांना हसताना प्रथमच पाहिलं, आणि पोलिस परवडले असं त्याला वाटून गेलं.

"दोनशे लिटर पाण्याचं वजन किती, जावईबापू?"

"दोनशे किलो."

"आणि ओतून दिल्यावर?"

३

गाड्या सावलीला कोठारामागे लावायची सगळ्यांचीच सवय होती. काल तिथे डॉक्टरीणबाईंची गाडी होती आणि मेहुण्यांचीही. त्यामुळे चाकांच्या खुणा दोघांनाही सारख्याच चिकटत होत्या.

आधी शिल्पकारांना गाठलं. ते घंटेवरच्या वेलबुट्टीचं मेण कोरत बसले होते. मान वर न करता म्हणाले, "मी काल दिवसभर ही पानं कोरत होतो. माझ्यामागून हत्ती गेला असता तरी कळलं नसतं. पण बाई, चोरायचंच असतं तर मी ही घंटा चोरली असती. विटेत काय बघायचं?"

डॉक्टरीणबाई काल मजुरांना धनुर्वाताची इंजेक्शनं द्यायला आल्या होत्या. आज एका भाजलेल्या हाताची पट्टी बदलत होत्या. चोरीचं नाव काढताच त्या फणकारल्या.

"माझ्यावर संशय? अहो, त्या मेहुण्यांना विचारा आधी. काल माझा जीव घेत होते!"

"तो कसा?" सासूबाईंनी खुर्ची ओढली.

"दिवेलागणीला आम्ही एकदमच निघालो. मीही टेकडीवरच राहते, बंगल्याच्या पुढे. चढावर माझ्यामागे त्यांची गाडी. दिवे असे, की आरशातून थेट डोळ्यांत! मी गाडी थांबवून ओरडले, खालचे दिवे लावा. तर म्हणतात, खालचेच लावलेत. आणि पुढच्या वळणावर त्यांनी चाक वळवलेलं मी पाहिलं, पण गाडी काही वळेना! सरळच निघाली. कुंपणाला घासून थांबली. वर मलाच म्हणाले, तुम्ही मध्ये आलात."

"पावसानं रस्ता ओला होता?"

"कोरडा ठणठणीत."

काटेवाल्याला सासूबाईंच्या खुर्चीचा कुरकुर आवाज उत्साही वाटला.

मेहुणे आपल्या खोलीत उभ्यानेच काम करत होते. म्हणजे उभे होते.

"बसा ना," सासूबाई म्हणाल्या.

"नको. कंबर धरलीय. बॅडमिंटन."

"काल गाडीत काय आणलं होतंत?"

"बंगल्याचं काहीबाही सामान. रोजच असतं. आणलं तसं परत नेलं. आकडा जुळलाय की!" मेहुणे छान हसले. "डॉक्टरीणबाईंनी काय काय सांगितलं असेल ते कळतंय मला. त्या वळणावर उगाच ब्रेक मारतात. आणि त्यांच्या भावाचं भांड्यांना कल्हई करायचं दुकान आहे, हे सांगितलं का त्यांनी? कल्हईला काय लागतं, बाई?"

कल्हईला कथील लागतं. काटेवाल्याच्या तोंडचं पाणी पळालं. डॉक्टरीणबाई त्याच्या मुलाच्या तापात रात्ररात्र बसल्या होत्या.

"आज गाडी नाही आणलीत?" सासूबाईंनी दारातून सहज विचारलं.

"या कमरेनं कशी चालवू? भावोजींबरोबर आलो. गाडी बंगल्यात पोर्चमध्ये आहे."

बाहेर आल्यावर सासूबाईंनी काटेवाल्याचं मनगट धरलं. "तोच! दिवे वर, वळणावर नाक सरळ, कंबर गेलेली. शंभर टक्के तोच! पण हे सगळं एकीकडे तिचा शब्द, दुसरीकडे याचा. मालक कुणाचं ऐकतील?"

"मेहुण्यांचं."

"मग दुसरा साक्षीदार हवा. काल ती गाडी डोळ्यांनी पाहिलेला. कोण होतं फाटकावर?"

काटेवाल्यानं मागे वळून पाहिलं. मागे कुणी नव्हतं.

४

"आठवा!" सासूबाई काचेच्या खोलीत येरझाऱ्या घालत होत्या. खोली एवढीशी, त्यामुळे त्या जागच्या जागी गिरक्या घेत असल्यासारख्या दिसत. "गाडी शेपटावर बसलेली दिसली का?"

"तेव्हा गाडीकडे बघत नाही मी, आई. काट्याकडे बघतो."

"मग काट्यात काय दिसलं?"

"आकडा जुळला."

"ते ऐकलं! आणखी?"

काटेवाला घुटमळला. त्याचे कान लाल झाले. सांगावं की न सांगावं? कामावर असताना खेळ खेळतो हे मालकांना कळलं तर गेलीच नोकरी. पण नोकरी तशीही चाललीच होती.

"आई, हसू नका."

"मी हसते का कधी?"

"गाडी काट्यावर चढते ना, तेव्हा आधी पुढची दोन चाकं येतात. तेवढ्यापुरता काट्यावर पुढच्या चाकांचाच आकडा दिसतो. मग मागची चढतात आणि पूर्ण आकडा येतो. पूर्ण तो नोंदायचा. पहिल्याला कुणी विचारत नाही. पण दिवसभर काय करणार? मी तो पहिला आकडा लक्षात ठेवतो. संध्याकाळी तीच गाडी निघाली की बघतो, पुढच्या चाकांचा आकडा सकाळचाच येतो का. आला तर मी मला एक बिस्किट देतो."

सासूबाई थांबल्या. गिरकी अर्धवट राहिली.

"आणि काल?"

"काल मेहुण्यांच्या गाडीला बिस्किट नाही मिळालं. सकाळपेक्षा पुढची चाकं शंभराहून जास्त किलोनं हलकी! मला वाटलं, काटा बिघडला. तेवढ्यात मागची चाकं चढली आणि पूर्ण आकडा सकाळचाच, अगदी तोच! मग म्हटलं, आपणच विसरलो असू."

"विसरला नाहीत!" सासूबाईंनी टेबलावर असा हात आपटला की बिस्किटांचा डबा उडाला. "अहो, विसरला नाहीत तुम्ही! एकूण वजन तेच, पुढचं कमी. मग कमी झालेलं गेलं कुठे?"

"मागे?"

"मागे! सकाळी पाणी मागच्या सीटवर, संध्याकाळी विटा पार डिकीत! त्यानं आकडा जुळवला, पण वजन कुठे ठेवलं याचा हिशोब केलाच नाही, कारण या आवारात तो कुणीच करत नाही! तुम्ही सोडून!"

काटेवाल्याला आपण काय केलं हे नीटसं कळलं नव्हतं, पण काहीतरी चांगलं केलं असावं एवढं कळलं.

"पण आई, मालक म्हणतील, हा आपली मान सोडवायला आकडे रचतोय."

"म्हणणारच. म्हणून आकड्यांवर मी थांबणार नाही." त्या टेलिफोनकडे वळल्या. "बंगल्याचा नंबर सांगा. मालकीणबाईंशी बोलायचंय. आणि तुम्ही बाहेर जा. तुमचा चेहरा सगळं सांगतो."

५

ऊन कलताना सगळी मंडळी काट्याभोवती जमली. मालक, मेहुणे, डॉक्टरीणबाई, शिल्पकार. मजूरही काम सोडून उभे. शिल्पकारांची लांब शेपटीची जुनी गाडी काट्यापुढे आणली होती, आणि शिल्पकार स्वतः स्टिअरिंगवर.

"मालक, तुम्ही मागच्या सीटवर बसा," सासूबाई म्हणाल्या.

"मी?"

"इथे सगळ्यांत वजनदार माणूस तुम्हीच."

मालकांनी तो मान समजून घेतला आणि बसले. गाडीची पुढची चाकं काट्यावर आली. काटेवाल्यानं आकडा ओरडून सांगितला. मग गाडी पुरती चढली, आणि त्यानं पूर्ण आकडा सांगितला.

"आता गाडी मागे घ्या. मालक, तुम्ही डिकीत."

मजुरांनी एकमेकांकडे पाहिलं. मालक डिकीच्या तोंडाशी बसले, पाय बाहेर लोंबकळत, आणि गाडीनं मागून असा श्वास सोडला की शिल्पकारांनी डोळे मिटले. मागचा भाग खाली गेला, पुढचे दिवे आभाळाकडे पाहू लागले.

पुढची चाकं चढली. "आधीपेक्षा कमी, साहेब! साठ किलोनं कमी!" गाडी पुरती चढली. "पूर्ण आकडा... तोच!"

"हे कसं?" मालकांनी डिकीतूनच विचारलं. त्यांना उतरता येत नव्हतं.

"साधं आहे. लहानपणी फळीवर बसून खाली-वर झुलला असाल. मागची चाकं म्हणजे मधला टेकू. तुम्ही टेकूच्या मागे बसलात, शेपूट खाली गेलं, नाक वर आलं. मागच्या स्प्रिंगा दबल्या. दिवे पुढच्याच्या आरशात. आणि ज्या चाकांनी वळायचं, ज्यांनी ब्रेकचा मोठा भार घ्यायचा, ती पुढची चाकं रस्त्याला नुसती शिवून चाललेली. कितीही वळवा, गाडी सरळ जाऊ पाहते. काल चढावर मेहुण्यांची गेली तशी." मग त्यांनी काटेवाल्याला खुणावलं, आणि त्यानं मान खाली घालून बिस्किटांसकट सगळं सांगितलं.

मेहुणे हसले. "वा! कामावर खेळ खेळणाऱ्याची साक्ष! भावोजी, हे ऐकून घेणार तुम्ही?"

मालक विचारात पडले. चेहऱ्यावरून दिसत होतं, पारडं अजून मेहुण्यांकडेच होतं. काटेवाल्याला आपल्या क्वार्टरची खिडकी दिसली. खिडकीत बायको उभी होती.

"बरोबर आहे तुमचं," सासूबाई मेहुण्यांना म्हणाल्या, अगदी गोड आवाजात. "मी आपली गाड्यांबद्दल बोलले. चढावर अशी गाडी नुसती कुंपणाला घासते. खरा धोका उतारावर. उतरताना ब्रेक जोरात दाबला की गाडी थांबते. सुट्या विटा थांबत नाहीत. पंचवीस किलोची एकेक, मागची सीट फोडून पुढे येते. पुढे जो बसला असेल त्याच्या पाठीत. मी पाहिलेत असे अपघात. वर्णन नाही करत."

मेहुण्यांच्या कपाळावर घाम दिसला. उन्हाचा असेल.

तेवढ्यात मालकांचा फोन वाजला. मालक डिकीत बसूनच बोलले. "हं... आत्ता? बरं, ये." त्यांनी फोन कानापासून दूर केला. "ही येतेय. माझी गोळी घरी राहिली म्हणे. मेहुणे, तुमचीच गाडी घेऊन निघालीय."

"काय?"

"तुमची गाडी. टेकडी उतरतेय."

मेहुण्यांचा चेहरा पांढराफटक पडला. त्यांनी कमरेवरचा हात काढला, दोन पावलं टाकली, कळवळून थांबले.

"थांबवा तिला!" ते ओरडले. "भावोजी, फोन लावा! ताईला सांगा, हळू घे, ब्रेक मारू नको, तिथेच कडेला थांब! गाडी वळत नाही ती! डिकीत दोनशे..."

पुढचा शब्द त्यांनी गिळला, पण उशीर झाला होता. फोन अजून चालूच होता. मालकांनी तो हळूच पुढे धरला, आणि त्यातून मालकीणबाईंचा आवाज स्वच्छ ऐकू आला.

"ओरडू नकोस, कंबर धरेल. मी व्हरांड्यात बसलेय. समोर तुझी गाडी आहे, मागच्या पायांवर बसलेल्या कुत्र्यासारखी. डिकी उघडून पाहिली मी. माझ्या जिवाची काळजी वाटली हे ऐकून बरं वाटलं रे. पण ज्याच्या पोराबाळांचं घर तू आज रिकामं करायला निघाला होतास, त्याची का नाही वाटली?"

मेहुणे काट्याच्या कडेला मटकन बसले. तेवढ्यानं काटा हलला. "जड उचलायची सवयच नाही मला," ते स्वतःशीच म्हणाले. "पाण्याचे कॅन माळ्यानं भरले. विटा मात्र स्वतः चढवाव्या लागल्या. आठवी ठेवली आणि काहीतरी कट्कन वाजलं. उतरवायला कुणाला सांगणार? म्हटलं, कंबर सुटेपर्यंत राहू दे."

"मालकीणबाईंना मी फोनवर तेच म्हटलं," सासूबाई म्हणाल्या. "वाकता येत नाही तो डिकी रिकामी कशी करणार?"

६

मालकांना डिकीतून काढायला चार मजूर लागले. उतरल्यावर ते सरळ काटेवाल्याकडे आले. हात जोडावेत की खांद्यावर ठेवावा हे न कळून त्यांनी दोन्ही थोडं थोडं केलं. म्हणाले, "चुकलो मी. क्वार्टर तुमचंच आहे. आणि उद्यापासून प्रत्येक गाडीची डिकी उघडायची. माझीसुद्धा. कुणी रागावलं तर माझं नाव सांगा."

"उद्यापासून कशाला?" सासूबाई म्हणाल्या. "मी निघालेय आता."

त्यांची छोटी गाडी काट्यावर चढली. काटेवाल्यानं आधी पुढच्या चाकांचा आकडा पाहिला, मग पूर्ण. सगळं जुळलं. तो खोलीतून बाहेर आला, गाडीला वळसा घालून मागे गेला आणि घसा साफ करून म्हणाला, "आई, डिकी उघडा."

"मीसुद्धा?"

"प्रत्येक गाडीची, असा हुकूम आहे."

सासूबाईंनी बटण दाबलं. डिकी उघडली. आत दोन मोठ्या बॅगा होत्या, तोंडं उघडी, पूर्ण रिकाम्या.

काटेवाला त्यांच्याकडे पाहत राहिला. "या कशाला?"

सासूबाईंनी आरशात पाहिलं, केस सारखे केले. त्यांना उत्तर टाळता आलं असतं.

"लेकीचं आणि नातवंडांचं सामान भरायला," त्या म्हणाल्या. "तुम्ही खोटे निघाला असतात, तर आज त्यांना घेऊन जाणार होते."

काटेवाल्यानं वळून पाहिलं. क्वार्टरच्या दारात बायको मुलाला कडेवर घेऊन उभी होती, हात हलवत होती. मग त्यानं दोन्ही बॅगा बाहेर काढल्या, काट्याच्या बाजूला ठेवल्या आणि डिकी बंद केली.

"त्या राहू द्या इथेच," तो म्हणाला. "सुट्टीत आम्ही भरून घेऊन येतो. सगळे."

सासूबाईंनी गाडी सुरू केली. मग म्हणाल्या, "लाडू जास्त करून ठेवते."

काटेवाल्यानं दांडा वर केला.